ई-पीक पाहणी करू इच्छिणाऱ्या खातेदारांस हितोपदेश

वाशीम जिल्ह्यातील ज्या खातेदारांस आपले सोयाबीन सातबाऱ्यावर चढविण्याकरिता पूर्वी पटवाऱ्याच्या मर्जीखेरीज अन्य साधनाची गरज पडत नसे, आणि ज्यांचे पीक तो पुण्यपुरुष पुष्कळदा चावडीवरून न हलता केवळ अंतर्ज्ञानाने पाहत असे, त्यांस १५ ऑगस्ट २०२१ पासून सरकारने या परावलंबनातून मुक्त केले असून, ‘माझी शेती, माझा सातबारा, मीच नोंदवणार माझा पीकपेरा’ या ब्रीदानुसार पटवाऱ्याचे काम आता त्यांनी स्वतः, आपल्या मोबाइलवरून, स्वखर्चाने व विनावेतन, करावयाचे आहे. दिवस स्वातंत्र्याचा निवडला, यात सरकारची रसिकता दिसते.

प्रथम मुहूर्त पाहावा. दिवसा ऊन असते तेव्हा सर्व्हर मूर्च्छित असतो आणि मध्यरात्री सर्व्हर शुद्धीवर येतो तेव्हा पिकाचा फोटो निघत नाही. सबब दोहोंचा संधिकाल साधून, मोबाइल उंच धरून, धुऱ्यावर उभे राहावे व उपग्रहाने अक्षांश-रेखांश मंजूर करीपर्यंत हलू नये. पाच तासे सोयाबीन आणि एक तास तूर असे पेरले असल्यास मुख्य पीक कोणते व दुय्यम कोणते, याचा निकाल घरातून निघण्यापूर्वीच लावावा. एकरात विचार करण्याची वडिलोपार्जित खोड सोडावी. यंत्रास हेक्टर-आर समजतात, आणि एकराचे ४० आर होतात. नोंद पोहोचल्याचा संदेश दिसताच त्याचे चित्र जपून ठेवावे, कारण विमा, अनुदान व हमीभावाची खरेदी या सर्व प्रकरणी तेच कामी येते. वाकाटक राजा दुसरा विंध्यशक्ती याचे दानपत्र याच वाशीमला ताम्रपटावर कोरलेले सापडले; त्यास अद्यापि चार्जिंग लागलेले नाही.

पीक नोंदविले तरी मोबाइलचे काम संपत नाही; ओटीपीचे प्रकरण अधिक नाजूक आहे. ५ ऑक्टोबर २०२४ रोजी याच जिल्ह्यातील पोहरादेवी येथून पंतप्रधानांनी किसान सन्मान निधीचा अठरावा हप्ता सोडला. परंतु तो पदरी पडण्यास ई-केवायसी हवी, ती ओटीपीने करावयाची तर आधारला जोडलेला मोबाइल हवा, आणि तो पुष्कळ घरी पुण्यास नोकरीस असलेल्या चिरंजीवांच्या खिशात असतो. तेव्हा ते मीटिंगमध्ये असताना फोन करावा. एरवी ते तो उचलीत नाहीत, परंतु ओटीपीची मुदत संपते हे त्यांस ठाऊक असल्याने याच कामाकरिता उचलतात. सहा आकडे ते घाईने सांगतील. मातोश्रींनी शेजारीच बसून तिसऱ्या व चौथ्या आकड्यांमधील अवकाशात ‘जेवला काय रे, बाबू?’ एवढे विचारून घ्यावे. आकडा चुकला तर खेद करू नये. पुन्हा फोन करण्यास ते सबळ कारण होय.

पिकाची नोंद चुकल्यास मात्र ४८ तासांत दुरुस्ती करता येते. शिवाय दहा टक्के नोंदींची पडताळणी पटवाऱ्याकडे राखली असल्याने, ज्याचे अधिकृत नाव आता ग्राम महसूल अधिकारी आहे असा तो गृहस्थ क्वचित बांधापर्यंत येण्याचा संभव आहे. आल्यास त्यास चहा द्यावा, आणि त्याच्या मोबाइलला रेंज नसल्यास आपला हॉटस्पॉट सुरू करून द्यावा. या खर्चाकरिता सातबाऱ्यावर रकाना नाही.