शेकडा सत्तर पैसे

आमच्या खजुरीत जुन्या काळी घराला तीन गोष्टी लागायच्या: पांढरी माती, लिंबाच्या तुळया आणि भावकीची संमती. पैसा चौथ्या नंबरावर. आधी माळवदाचे दोन खण उभे राहायचे. तूर बरी झाली की तिसरा, मुलाचं लग्न ठरलं की ढाळज, सून पहिल्या बाळंतपणाहून परत आली की न्हाणी. शहाबादी फरशी आमच्याच कलबुर्गी जिल्ह्यातली, त्यामुळे ती घालण्याला कुणी श्रीमंती म्हणत नसे. असं घर पुरं व्हायला वीस वर्षं लागत. आता पुण्यातला फ्लॅट दोन-तीन वर्षांत पुरा होतो आणि आपला व्हायला वीस वर्षं लागतात. काळ तेवढाच. तिथं गळायचं ते माळवद, इथं गळतो तो पगार.

गाव आळंद तालुक्यात, उमरग्याच्या रस्त्यावर, महाराष्ट्राच्या हद्दीला चिकटून. १ नोव्हेंबर १९५६ ला हैदराबाद राज्याची वाटणी झाली. उमरगा मुंबई राज्यात गेलं, आम्ही म्हैसूर राज्यात. तेव्हापासून आम्ही मराठीत भांडतो, कानडीत अर्ज करतो आणि भांडण जमिनीचं असलं तर जुने कागद उर्दूत निघतात, फसली सनाचे. तेव्हा गहाण टाकणं आम्हाला कुणी शिकवायला नको. नवीन काय ते ‘होम लोन’. ते पुतण्यानं काढलं, २०२३ साली, वाघोलीच्या फ्लॅटसाठी.

आमच्या घरात व्याजाचा विषय निघाला की तो तात्यांकडे जातो. तात्या माझे चुलते. वय ऐंशीच्या पुढे. ऐकायला कमी येतं, पण व्याजाचा आकडा कुजबुजला तरी कळतो. स्टेट बँकेला ते अजून ‘हैदराबाद बँक’ म्हणतात. स्टेट बँक ऑफ हैदराबाद १ एप्रिल २०१७ ला स्टेट बँकेत विलीन झाली हे त्यांना मान्य नाही, कारण त्यांना कुणी विचारलं नव्हतं.

आता आमच्याकडे व्याज सांगायची रीत एकच: शंभराला महिन्याला किती रुपये. शेकडा दोन म्हणजे माणुसकी, शेकडा तीन म्हणजे रिवाज आणि शेकडा पाच म्हणजे जमीन गेली असं समजून चालायचं. पुतण्याचा फोन आला तेव्हा तात्यांनी पहिला प्रश्न तोच केला.

“किती टक्क्यानं?”

“साडेआठ, तात्या.”

तात्यांनी फोन माझ्या हातात दिला आणि भिंतीला टेकले. “शेकडा साडेआठ! निजामाच्या राज्यातबी कुणी असा गळा कापला न्हाई. पोराला म्हनावं गावाकडं ये, भाकरी खा, पन सही करू नको.”

वर्षाला साडेआठ, महिन्याला नाही, हे त्यांच्या कानात ओरडून सांगावं लागलं. मग त्यांनी बोटांच्या पेरांवर हिशेब केला. “म्हंजे शेकडा सत्तर पैसे?” चेहरा एकदम फुलला. “आरं, मग दोन घ्या की!”

दिवस मावळायच्या आत स्टँडवरच्या हॉटेलात बातमी गेली की पुण्यात सत्तर पैशानं पैसे वाटू लागलेत. दोघंतिघं आमच्या दारात आले. गावातल्या घरावर मिळंल का? त्यांची समजूत घालणं माझ्याकडे आलं. गावठाणातल्या घराला पंचायतीचा ई-स्वत्तूचा फॉर्म नऊ आणि अकरा लागतो. फॉर्म निघेल, पण घर निघतं आजोबांच्या नावावर आणि आजोबा असतात भिंतीवरच्या फोटोत. बँकेला फोटोची सही चालत नाही.

सगळं असं आनंदात चाललेलं असताना पुतण्यानं हप्त्यांचा तक्ता पाठवला. मी तो झेरॉक्सच्या दुकानातून छापून आणला. दोनशे चाळीस ओळी, पाठपोट छापूनही चळत झाली. तात्यांनी चष्मा पुसला, पहिल्या ओळीवर बोट ठेवलं आणि ते बोट तिथंच राहिलं. कर्ज ३० लाख. हप्ता २६,०३५. त्यात व्याज २१,२५० आणि मुद्दल ४,७८५.

“छापनारा चुकला. ह्ये दोन खाने उलटे झालेत.”

छापणारा चुकला नव्हता. व्याज उरलेल्या मुद्दलावर लागतं आणि सुरुवातीला सगळंच उरलेलं असतं. त्यामुळे हप्त्यात आधी व्याज जेवतं आणि मुद्दलाला खरवड मिळते. पाच वर्षांनंतरच्या ओळीवर तात्यांचं बोट पोचलं तेव्हा पोरानं साडेपंधरा लाखांच्या वर भरलेले होते आणि कर्ज उरलं होतं २६ लाख ४४ हजार. मुद्दल निम्म्यावर यायला तेरा वर्षं दहा महिने. तोवर वाघोलीत नवीन आलेली लिफ्ट जुनी होते. शेवटच्या पानावर एकूण बेरीज होती: ६२ लाख ४८ हजार.

तात्यांनी ती बेरीज लगेच तुरीत करून घेतली. कलबुर्गीच्या तुरीला २०१९ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं असलं तरी आमच्या हिशेबाला ती त्याआधीपासूनच प्रमाण आहे. सरकारचा २०२५-२६ चा हमीभाव क्विंटलला आठ हजार. त्या भावानं पोरानं आणले ३७५ क्विंटल आणि परत घालायचे ७८१. एकरी चार क्विंटल धरली, खतं-औषधं-मजुरी सगळं आभाळातून पडलं असं मानलं, तरी पाच एकरवाल्याला एकोणचाळीस वर्षं लागतील. एवढं बोलून तात्यांनी पाणी मागितलं.

पाणी पिऊन त्यांनी कायदा काढला. जुन्या हिंदू कायद्यात दामदुपटीचा नियम आहे: सावकारानं एका वेळी मुद्दलापेक्षा जास्त व्याज वसूल करायचं नाही. “तीस लाखाला बत्तीस लाख अठ्ठेचाळीस हजार व्याज. अडीच लाख वर गेले. कोर्टात घाला बँकेला.”

पुतण्या फोनवर समजावू लागला. “तात्या, ते थकलेल्या व्याजासाठी असतं. मी थकवतच नाही, दर महिन्याला भरतो. आणि बँकिंगच्या कायद्यात १९८४ मध्ये कलम घातलंय, व्याज जास्त आहे एवढ्यावरून कोर्टाला बँकेचा हिशेब पुन्हा उघडता येत नाही.”

“म्हंजे जो बुडवतो त्याच्यासाठी शास्त्र हाय, आन जो भरतो त्यानं भरतच राहायचं?”

पलीकडून पुतण्याचा आवाज बराच वेळ आला नाही. नंतर तो म्हणाला, रेंज गेली होती.

त्याचं म्हणणंही खोटं नव्हतं. भाडं भरत बसलो तर हातात काही राहत नाही. पंधरा वर्षांनी पगार वाढलेला असेल आणि हप्ता तेवढाच वाटणार नाही. आणि सावकाराशी तुलना करायची तर शेकडा तीननं तीस लाखांचं नुसतं व्याज महिन्याला नव्वद हजार होतं, मुद्दल जागचं हलत नाही. हे तात्यांनाही पटलं. त्यांना खटकलं ते दुसरंच. कर्ज देणाऱ्या माणसानं पोराला आधी तीस वर्षांची मुदत सुचवली होती. “हप्ता तीन हजारांनी कमी बसेल, सर.” तात्यांनी मला तिन्ही मुदती एका कागदावर मांडायला लावल्या.

दहा वर्षं: हप्ता ३७,१९६, एकूण ४४ लाख ६३ हजार. वीस वर्षं: हप्ता २६,०३५, एकूण ६२ लाख ४८ हजार. तीस वर्षं: हप्ता २३,०६७, एकूण ८३ लाख ४ हजार.

विसाची तीस वर्षं केली की हप्ता पुरते तीन हजारही उतरत नाही आणि वर साडेवीस लाख जातात. तात्या कागदाकडे बघत म्हणाले, “सावकार दरात खातो, बँक मुदतीत खाते. सावकाराचं खानं दिसतं तरी.”

मला वाटतं, आपण फसतो ते इथंच. घर घेताना घराघरांत एकच प्रश्न विचारला जातो: हप्ता बसतो का? पायातला बूट असल्यासारखा तो हप्ता घालून बघतात आणि बसला की घेतात. किती वर्षं घालून चालायचंय हे कुणी विचारत नाही. कर्ज देणाराही ते आपण होऊन सांगत नाही. आणि हप्ता कुणालाही बसवता येतो, मुदत सैल केली की झालं.

बाकी खर्च तर मुदतीच्याही आधी येऊन उभे राहतात. फ्लॅट ४० लाखांचा. पुण्यात मुद्रांक शुल्क सात टक्के, म्हणजे २ लाख ८० हजार. नोंदणीचे तीस हजार. हे कर्जात धरत नाहीत, रोख लागतात. फक्त बाईच्या नावावर घेतलं तर महाराष्ट्रात शुल्कात एक टक्का सूट आहे. चाळीस हजार वाचतात म्हटल्यावर, ज्या घराण्यात आजवर बाईच्या नावावर शिलाईचं मशीनसुद्धा नव्हतं, तिथं सूनबाई एका दुपारी मालकीण झाली. समाजसुधारकांना जे जमलं नाही ते मुद्रांक विभागानं करून दाखवलं.

मग विमा. कर्जाबरोबर विमा घेण्याची सक्ती नसते, पण तो अर्जात आपोआप असल्यासारखा असतो. एक लाखाचा एकरकमी हप्ता कर्जातच मिळवला की वीस वर्षांत तो २ लाख ८ हजारांना पडतो. माणूस मेल्यावर कामाला येणारी वस्तू, पण व्याज जिवंतपणी. आणि आयकराची सूट? जुन्या पद्धतीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंत वजावट मिळते. वीस टक्क्यांच्या टप्प्यातल्या माणसाचा त्यात चाळीस हजार कर वाचतो आणि पहिल्या वर्षी व्याज जातं अडीच लाख. नव्या पद्धतीत राहत्या घराला तेही नाही. तात्यांनी विचारलं, “चाळीस वाचवायला अडीच लाख घालवायचे, ह्याला पुन्यात काय म्हंतात?” पुतण्या म्हणाला, “टॅक्स प्लॅनिंग.”

एवढं सगळं ठरलेलं असतं तरी बरं. पण दर तरता असतो. २०१९ च्या ऑक्टोबरपासून बँकांची नवीन तरत्या दराची गृहकर्जं बाहेरच्या दराला बांधलेली आहेत, बहुतेक ठिकाणी रिझर्व्ह बँकेच्या रेपोला. मे २०२० मध्ये रेपो ४ टक्क्यांवर आला. मे २०२२ पासून चढत फेब्रुवारी २०२३ ला साडेसहावर गेला. आमच्या भावकीतल्या एकानं स्वस्ताईच्या काळात, ६.९ टक्क्यांनी, तीस लाख काढले होते. हप्ता २३,०७९. दोन वर्षांत दर गेला ९.४ वर. बँकेनं हप्ता वाढवला नाही, मुदत वाढवली. दर महिन्याचं व्याजच बावीस हजार तीनशेच्या वर. मुद्दलाला उरले साडेसातशे. अठरा वर्षं राहिलेली मुदत छत्तीस वर्षांच्या पुढं गेली. त्याचं वय तेव्हा बेचाळीस. हप्ता वाढला नाही म्हणून त्यानं पेढे वाटले होते, ते मी स्वतः खाल्ले. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेनं नियम केला की दर वाढला तर कर्जदाराला सांगायचं आणि हप्ता वाढवायचा की मुदत, हे त्याला निवडू द्यायचं. पेढ्यांची गरज तेव्हापासून कमी झाली.

तात्या आता पावसाबरोबर रेपोचीही बातमी ऐकतात. मुंबईत सहा जणांची समिती बसते, हे कळल्यापासून त्यांचा दर दोन महिन्यांनी एक दिवस अस्वस्थ जातो. २०२५ मध्ये रेपो सव्वा टक्क्यानं उतरून ५.२५ वर आला. त्या दिवशी त्यांनी पुतण्याला बजावलं की हप्ता कमी करून घेऊ नको, आहे तोच ठेव. मी मांडून पाहिलं. तेवढा सव्वा टक्का पदरात पडला आणि हप्ता तोच राहिला तर राहिलेल्या अठरा वर्षांतली पावणेतीन जातात. ज्यांना मुदतीनं खाल्लं त्यांनी मुदतच खाऊन परत करायची, हा तात्यांचा न्याय.

दुसरा न्याय तुरीचा. तरत्या दराच्या गृहकर्जाला मुदतीआधी फेडल्याचा दंड बँकांना २०१२ पासून लावता येत नाही. वर्षाला एक हप्ता जास्तीचा भरला तर वीस वर्षांतली तीन वर्षं कमी होतात आणि सहा लाखांहून जास्त व्याज वाचतं. एक हप्ता म्हणजे हमीभावानं सव्वातीन क्विंटल. तेव्हा दर सुगीला सव्वातीन क्विंटल पोराच्या नावानं बाजूला काढायची, असं घरात ठरलं आहे. खजुरीची काळी माती पिकवणार आणि वाघोलीचा पाचवा मजला खाणार. त्या फ्लॅटमध्ये आमटी मात्र बाजारातल्या डाळीची होते.

परवा पुतण्यानं नवीन माहिती दिली. कर्ज पूर्ण फिटलं की बँकेनं तीस दिवसांच्या आत घराचे मूळ कागद परत द्यायचे. बँकेच्या चुकीनं उशीर झाला तर दिवसाला पाच हजार रुपये कर्जदाराला द्यायचे. रिझर्व्ह बँकेचाच नियम, डिसेंबर २०२३ पासूनचा. तात्यांनी ते दोनदा वदवून घेतलं. मग बोटं पेरांवरून फिरली.

“रोजचे पाच, म्हंजे महिन्याला दीड लाख. तीस लाखावर दीड लाख म्हंजे शेकडा पाच!” त्यांनी फोन तोंडाजवळ धरला. “पोरा, फिटल्यावर कागदाची घाई करू नको. मागायला तर मुळीच जाऊ नको. पडू दे चार महिने त्यांच्याकडं.”