कोरड्या ऋतूतला विक्रेता

महाराष्ट्राच्या शहरांत जुन्या सदनिकांचा, म्हणजे बोलीव्यवहारात ज्यांना ‘रिसेलचे फ्लॅट’ म्हणतात त्यांचा, जो बाजार चालतो त्यातील विक्रेता हा ऋतुमानाशी बांधलेला प्राणी आहे. दिवाळीचे आकाशकंदील उतरले की तो दिसू लागतो, होळीनंतर त्याची संख्या वाढते आणि मृगाच्या सरी येण्याआत त्याला खरेदीखत नोंदवून मोकळे व्हायचे असते. या घाईचे कारण तो ‘मुलांच्या शाळा’ असे सांगतो. वास्तविक ते पश्चिमेकडच्या भिंतीत असते.

ही भिंत आषाढात पाणी पिते आणि कार्तिकापर्यंत ते अंगावर वागवते. भिंतीत मुरलेले पाणी बाहेर येताना क्षार बरोबर आणते आणि पृष्ठभागावर पांढरी भुकटी धरते, तिला ‘लोणा’ म्हणतात. लोणा लागलेल्या भिंतीवर रंग टिकत नाही, परंतु तो खरेदीखतापर्यंत टिकला म्हणजे पुरे, एवढाच या गृहस्थाचा रंगाऱ्याशी करार असतो. छताचे प्रकरण अधिक गंभीर असते. काँक्रीटमधील सळई गंजली की फुगते, कारण गंज मूळ लोखंडापेक्षा जास्त जागा व्यापतो, आणि त्या दाबाने खालचा थर सुटून पोपडे पडतात. अशा ठिकाणी विक्रेता फॉल्स सीलिंग करून त्यात सहा दिवे बसवतो आणि ही हौस मुलीची असल्याचे सांगतो. जेथे एवढा खर्च परवडत नाही तेथे दिनदर्शिका टांगलेली आढळते, मात्र ती अशा उंचीवर की चतुर्थी कधी आहे हे पाहण्यासाठी स्टुलावर चढावे लागावे.

त्याला खोटारडा म्हणणे मात्र अन्यायाचे होईल. तो असत्य बोलत नाही. तो मराठी भाषेच्या सामर्थ्यावर विसंबतो. ‘पाणी कसं आहे?’ या प्रश्नाला तो ‘पाण्याचं तर विचारूच नका!’ असे उत्तर देतो, ज्यातून ग्राहकाला चोवीस तासांचा नळ ऐकू येतो, पण व्याकरणदृष्ट्या ती केवळ एक विनंती असते. शेजाऱ्यांविषयी तो ‘अगदी आपल्या घरातच असल्यासारखे वाटतात’ असे म्हणतो, आणि मधली भिंत किती पातळ आहे याचे इतके प्रामाणिक वर्णन एखाद्या अभियंत्यालाही साधणार नाही. ‘माझी एक तक्रार सोसायटीच्या दप्तरात सापडायची नाही,’ हेही खरेच असते, कारण गळतीचे सारे अर्ज पत्नीच्या सहीचे असतात.

या भाषासंयमामागे कायद्याची जाण आहे. १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या ५५ व्या कलमानुसार, विक्रेत्याला माहीत असलेला, खरेदीदाराला माहीत नसलेला आणि त्याला सामान्य काळजी घेऊनही सापडू शकला नसता असा महत्त्वाचा दोष उघड करणे विक्रेत्यावर बंधनकारक आहे, आणि तो दडवणे हे कपट ठरते. नव्या बांधकामातील संरचनात्मक दोषांसाठी २०१६ च्या रेरा कायद्याने ताबा दिल्यापासून पाच वर्षे विकासकाला जबाबदार धरले आहे, पण जुने घर विकणारा मालक त्या जाळ्यात येत नाही. त्याला भय असते ते जुन्याच कलमाचे, आणि त्यातही ‘माहीत असलेला’ या दोन शब्दांचे. म्हणून माहीत नसणे ही त्याची अनेक वर्षांची साधना असते. गृहनिर्माण संस्थांच्या आदर्श उपविधींप्रमाणे इमारत पंधरा वर्षांची झाली की ठरावीक वर्षांनी तिचे ‘स्ट्रक्चरल ऑडिट’, म्हणजे बांधकामाच्या मजबुतीची तज्ज्ञाकडून तपासणी, व्हायचे असते. तो अहवाल ज्या सर्वसाधारण सभेत वाचला जाणार असतो, नेमक्या त्याच दिवशी या गृहस्थाकडे सत्यनारायण असतो, आणि प्रसादाला आलेल्या सेक्रेटरींनी विषय काढलाच तर तो त्यांना आणखी शिरा वाढतो.

ग्राहकाचाही या साधनेला हातभार लागतो. आयुष्यभराची पुंजी ओतून वर वीस वर्षांचे कर्ज डोक्यावर घेणारा माणूस घर पाहायला येताना होकायंत्रासह वास्तुतज्ज्ञ आणतो, स्वयंपाकघर आग्नेयेला असल्याची खातरजमा करून घेतो, आणि न्हाणीघराचा कोबा, म्हणजे विटांचे तुकडे सिमेंटात बसवून केलेला पाणी अडवणारा थर, शाबूत आहे की नाही हे विचारायचे विसरतो. भिंतीवर बोटाने टकटक करणे त्याला असभ्यपणाचे वाटते, कारण समोर चहा आलेला असतो. चहाबरोबर नव्या रंगाचा वासही येतो, आणि तो त्याला शुभशकुन वाटतो.

व्यवहार पुरा झाल्यावर हाच विक्रेता स्वतःसाठी मोठे घर शोधू लागतो, आणि तेव्हा तो कोणत्याही एजंटाचे न ऐकता भर आषाढात, संततधार लागलेली असताना, रेनकोट घालून निघतो. तो चहा नाकारतो, भिंतींवर रुपयाचे नाणे वाजवतो, फ्लश दोनदा ओढतो, कपाट हलवायला लावतो, आणि शेवटी स्टूल मागून घेऊन उंचावरची दिनदर्शिका खिळ्यावरून उचलतो. तिच्यामागे गेल्या वर्षीची टांगलेली असते.