नामे धोंडो

मुलाचे नाव दोन किंवा चार अक्षरांचे असावे, त्याचा आरंभ घोषवर्णाने व्हावा, मध्ये एखादा अंतःस्थ वर्ण यावा आणि शेवटी विसर्ग असावा, असे आश्वलायन गृह्यसूत्रात सांगितले आहे. या कसोटीवर मी माझे नाव अनेकदा घासून पाहिले आहे. 'धोंडो'ची अक्षरे दोन. 'ध' हा घोष असून वर महाप्राण, म्हणजे मागितल्याहून अंमळ अधिकच. आणि 'रामः'चा जसा संधीत 'रामो' होतो, तसा माझा अंत्य ओकार हाही मूळचा विसर्गच, असे रेटून सांगितल्यास एखादा भिडस्त वैयाकरण ते मान्य करील. उणीव उरते ती एका अंतःस्थ वर्णाची, आणि तेवढ्या किरकोळ कसुरीसाठी सूत्रकारांनी माझे नाव नामंजूर केले असते असे वाटत नाही. तथापि आमच्या घरी त्या प्रसंगी आश्वलायनाला कोणी विचारलेच नाही. तेथे मसलत चालली होती ती यमाविरुद्ध.

माझ्या आधीची भावंडे पाळण्यातच गेली होती, आणि त्यांची नावे विष्णुसहस्रनामातून निवडलेली, मोठी सुलक्षणी होती. त्यावरून आजीने असा निष्कर्ष काढला की, चित्रगुप्त हा जुन्या वळणाचा कारकून असून फेरिस्त वाचताना भारी जिन्नस आधी उचलण्याची त्याला खोड आहे. तेव्हा या खेपेस दप्तरी नोंदच अशी करावी की वाचणाऱ्याने नाक मुरडून पान उलटावे. त्यानुसार बाराव्या दिवशी मला सुपात घालून परसातल्या उकिरड्यावर ठेवण्यात आले, शेजारच्या काकू, आगाऊ ठरल्याप्रमाणे, अकस्मात तेथे आल्या आणि "अगबाई, कुणाचं गं पोर हे टाकलेलं?" असे मोठ्याने म्हणून त्यांनी मला उचलले, आणि आजीने पसाभर कोंडा देऊन मला त्यांच्याकडून रीतसर खरेदी केले. तो कोंडा चाळलेला होता की बिनचाळलेला, याविषयी त्या दोघींत पुढे कित्येक वर्षे तंटा चालू होता, आणि माझी बाजारातली किंमत मला कळली ती त्या तंट्यातून.

या हिकमतीचा मक्ता आजीकडेच होता असे मात्र नाही. दगडू, केरू, कचरू, भिकू, वऱ्हाडातला उकंडा, नाकात नथ अडकवून मुलगी भासवलेला नथू, ही सारी त्याच कटातली मंडळी. बंगालात तीन कवड्यांना विकत घेतलेल्या मुलाला तिनकडी म्हणत. व्यवहार रोखीचा असल्यामुळे त्याचा भाव माझ्याहून बरा म्हटला पाहिजे. ऐतरेय ब्राह्मणातल्या अजीगर्ताने तर आपल्या तिघा मुलांची नावे शुनःपुच्छ, शुनःशेप आणि शुनोलांगूल अशी ठेवली होती. पैकी पहिल्याचा आणि तिसऱ्याचा अर्थ कुत्र्याचे शेपूट, आणि मधल्याचा मी येथे देत नाही. त्या मधल्याला बापाने यज्ञात बळी देण्यासाठी शंभर गाईंना विकले, आणखी शंभर घेऊन स्वतःच यूपाला बांधले, आणि आणखी शंभर पदरात पडताच सुरी परजली. अखेर देवांनी त्याचे पाश सोडवले. त्या घराण्यात कोंड्याचा हिशेब नव्हता, हे खरे; पण आमच्या आजीच्या हाती सुरीही नव्हती.

असे क्षुद्र नाव घेतल्यावर माणसाने अंग चोरून राहावे, हे उघड आहे. परंतु धोंड्यांना ते साधलेले दिसत नाही. टिपूच्या पाडावानंतर धोंडिया वाघ स्वतःस उभय लोकांचा राजा म्हणवू लागला, आणि पुढे वॉटर्लूला नेपोलियनास हरवणाऱ्या वेलस्लीने १८०० साली त्याचा पाठलाग करून त्याला दुसऱ्या लोकी पोचवले. नानासाहेब पेशव्यांचे नाव धोंडोपंत. सत्तावन्नच्या बंडानंतर या धोंड्यावर इंग्रजांनी एक लाख रुपयांचे इनाम लावले, आणि ते अखेरपर्यंत कोणाच्या पदरी पडले नाही. यमाच्या कारकुनाला खऱ्या अर्थाने झुलवले ते धोंडो केशव कर्वे यांनी. १८५८चा जन्म, १९१६ साली महिला विद्यापीठ, शंभराव्या वर्षी भारतरत्न, आणि त्यानंतरही चार वर्षे दप्तरात पत्ता नाही! अर्थात महाराष्ट्र त्यांना अण्णा म्हणत असे, त्यामुळे चित्रगुप्ताची गफलत मूळ नावाने झाली की टोपणनावाने, याची रुजवात कठीण आहे.

आमच्या विद्वान पुतण्याला हे काहीच पसंत नाही. "काका, तुमचं नाव मुळात धुंडिराज. काशीचा गणपती तो. धोंडो हा अपभ्रंश आहे," असे सांगून त्याने राजपत्रात नाव बदलण्याचा अर्जही स्वहस्ते भरून आणला आणि सहीची जागा बोटाने दाखवली. मी त्याला 'धुंडि'चा अर्थ विचारला. तो म्हणाला, "धुंढ् म्हणजे शोधणे." तेव्हा मी लेखणी खाली ठेवली. ज्याने उभा जन्म न सापडण्यावर काढला, त्याने या वयात असले नाव धारण करून आपला ठावठिकाणा आपणच का कळवावा? पुतण्या रागाने निघून गेला. अर्ज येथेच राहिला. कागद जाड असून मागची बाजू कोरी आहे, म्हणून तीवर मी दुधाचे खाडे मांडतो.