पाचशे तास पाण्यात कसे घालावेत

पीसीवर गेम खेळून मिळवलेली प्रगती गमावणं पूर्वी फार सोपं होतं. हार्ड डिस्क खरखर करायला लागायची, दुकानातला पोरगा 'विंडोज मारावं लागेल' म्हणायचा आणि संध्याकाळपर्यंत काम फत्ते. इच्छुकाला स्वतः बोटही हलवावं लागत नसे. 2008 साली मात्र व्हॉल्व्ह या अमेरिकन कंपनीने या परंपरेत खोडा घातला. 'लेफ्ट फॉर डेड' हा गेम आणताना तिने स्टीम या आपल्या गेमच्या ऑनलाइन दुकानात स्टीम क्लाउड ही सोय सुरू केली. गेम सुरू होण्याआधी स्टीम सर्व्हरवरची सेव्ह, म्हणजे प्रगतीची फाइल, बघतं, गेम बंद झाला की नवी सेव्ह वर चढवतं आणि याचे पैसेही मागत नाही. मग गॉग या दुसऱ्या ऑनलाइन दुकानाने तेच केलं, 2019 मध्ये एपिक गेम्स स्टोअरनेही केलं. त्यामुळे आजच्या इच्छुकाला प्रगती गमवायची तर थोडा अभ्यास लागतो. चिकाटी असेल तर यश अजूनही मिळतं.

सुरुवात गृहीत धरण्यापासून करावी. क्लाउड आहे म्हणजे प्रत्येक गेमला आहे, असं पक्कं धरून चालावं. स्टीमवर प्रत्येक गेमच्या पानाला उजव्या बाजूला वैशिष्ट्यांची यादी असते, तिच्यात 'स्टीम क्लाउड' लिहिलेलं आहे की नाही ते दिसतं. तिकडे चुकूनही बघू नये. कोणत्या फाइली वर जाणार आणि त्यांना किती जागा मिळणार, हे ज्याने गेम बनवला तो ठरवतो; काहीजण काहीच ठरवत नाहीत. शिवाय या ऑनलाइन दुकानांबाहेरचे गेम आहेतच. 'माइनक्राफ्ट'च्या जावा आवृत्तीतली जगं खेळाडूच्या कॉम्प्युटरवर 'डॉट माइनक्राफ्ट' फोल्डरमधल्या 'सेव्हज'मध्ये पडून असतात आणि आपणहून कुठेही जात नाहीत. तीन वर्षं खपून बांधलेला किल्ला असा एकाच डिस्कवर ठेवणं हे इच्छुकाच्या दृष्टीने उत्तम भांडवल आहे.

'स्टारड्यू व्हॅली'चं उदाहरणही ध्यानात ठेवावं. पीसीवरची शेती स्टीमच्या क्लाउडवर जाते, पण त्याच गेमची फोनवरची आवृत्ती या क्लाउडशी बोलत नाही. फोनवर गेम विकत घेतल्यावर आपली गुरं, कोंबड्या आणि बायको तिकडे वाट बघत असतील असं समजून प्रवासाला निघावं.

यानंतर डी ड्राइव्हवरचा विश्वास. आपल्याकडे घराघरांत ही श्रद्धा आहे: लग्नाचे फोटो, टॅलीचा बॅकअप, पिक्चर, सगळं डी ड्राइव्हमध्ये, कारण फॉरमॅट मारताना फक्त सी जातो. म्हणून गेमही डी मध्ये टाकला जातो. गेम राहतो डी मध्ये, सेव्ह मात्र बहुतेक वेळा सी मध्येच बसते. कधी 'डॉक्युमेंट्स'मधल्या 'माय गेम्स'मध्ये, कधी विंडोजने खास दिलेल्या 'सेव्ह्ड गेम्स'मध्ये, कधी स्टीमच्या 'युजरडेटा'मध्ये, आणि फार वेळा 'ॲपडेटा' नावाच्या फोल्डरमध्ये, जो विंडोज मुळात लपवूनच ठेवतं. त्याच्या पोटात पुन्हा 'लोकल', 'लोकललो' आणि 'रोमिंग' असे तीन कप्पे. कोणता गेम कोणत्या कप्प्यात, याला नियम नाही. फॉरमॅटनंतर शंभर जीबीचा गेम जसाच्या तसा सापडतो आणि त्यात खेळाडू पहिल्या लेव्हलला उभा असतो. दुकानातल्या पोराला दोष देता येत नाही. त्याने डी ला हात लावलेला नसतो.

घाईचंही महत्त्व आहे. शेवटचा बॉस मेला, गेम बंद केला की लगेच भिंतीवरचं बटण दाबावं. सेव्ह वर चढवायला स्टीमला काही क्षण लागतात, ते देऊ नयेत. ज्या गावात लाइट जाते तिथे हे काम आपोआप होतं: इन्व्हर्टरवर पंखा आणि ट्यूब चालते, राउटर बंद पडतो आणि लॅपटॉप बॅटरीवर चालू असल्यामुळे इच्छुक निवांत खेळत राहतो. त्या रात्रीची प्रगती फक्त त्या लॅपटॉपवर असते. स्टीमवर गेमच्या पानावर तसं लिहूनही येतं, पण ते वाचायचं नसतं.

इथून खरी कसोटीची पायरी सुरू होते. इच्छुकाने सुट्टीत घरच्या डेस्कटॉपवर खेळावं, मग होस्टेलवर जाऊन लॅपटॉपवर नेटशिवाय खेळावं, मग नेट जोडावं. आता दोन सेव्ह आमनेसामने येतात आणि स्टीम एक खिडकी उघडून विचारतं: या कॉम्प्युटरवरची ठेवू की क्लाउडवरची? दोन्हींच्या तारखा दाखवतं. बहुतेक माणसं इथे नवी तारीख निवडतात, आणि अनुभवी इच्छुकाला हेच हवं असतं. कारण नवी म्हणजे पुढची असं नाही. लॅपटॉपवर गेम पहिल्यांदाच उघडला असेल आणि सुरुवातीच्या पाच मिनिटांत त्याने आपणहून सेव्ह करून ठेवलं असेल, तर त्या पाच मिनिटांची तारीख आजची असते आणि डेस्कटॉपवरच्या पाचशे तासांची तारीख गेल्या महिन्याची. आजची निवडली की लॅपटॉपवरची पाच मिनिटं क्लाउडवर जातात. पुढच्या सुट्टीत घरी डेस्कटॉप सुरू केला की तोही क्लाउड मोठा मानून पाच मिनिटं उतरवून घेतो. स्टीमकडे कालची प्रत मागायची सोय नाही; जी शेवटची चढली तीच खरी.

या खिडकीत 'रद्द करा' असंही बटण असतं. ते दाबून, शांतपणे सेव्हचं फोल्डर शोधून, त्याची एक प्रत वेगळ्या जागी काढून ठेवली आणि मग उत्तर दिलं, तर चुकीचं उत्तरही दुरुस्त करता येतं. इच्छुकाने या बटणापासून लांब राहावं.

भावंडं असतील तर मार्ग आणखी सुकर होतो. घरात एक कॉम्प्युटर, विंडोजचं खातं एकच (पासवर्ड आईच्या मोबाइल नंबरचे शेवटचे चार आकडे), पण स्टीमची खाती दोन. सप्टेंबर 2024 मध्ये आलेल्या स्टीम फॅमिलीजमुळे धाकट्याला थोरल्याचे गेम खेळता येतात आणि प्रत्येकाची सेव्ह वेगळी राहील असं सांगितलं जातं. ती वेगळी राहते, जर गेम प्रत्येक स्टीम खात्यासाठी वेगळं फोल्डर करत असेल तर. जे गेम सगळ्यांच्या सेव्ह 'डॉक्युमेंट्स'मधल्या एकाच फोल्डरमध्ये टाकतात, तिथे धाकट्याने 'न्यू गेम' दाबलं की थोरल्याची ऑटोसेव्ह गेली. मग धाकट्याच्या खात्यातून ती त्याच्या क्लाउडवर चढते, संध्याकाळी थोरला लॉगिन करतो तेव्हा त्याच्याही क्लाउडवर चढते. तंत्रज्ञानाने दोघांना समान न्याय दिलेला असतो. पुढचा भाग कोणत्याही मार्गदर्शनाशिवाय पार पडतो.

एवढं करूनही एखादी सेव्ह टिकलीच, तर गेम बनवणाऱ्यांवर भरवसा ठेवावा. 10 डिसेंबर 2020 रोजी पोलंडच्या सीडी प्रोजेक्टचा 'सायबरपंक 2077' आला. काही दिवसांतच कळलं की पीसीवर सेव्ह फाइल 8 एमबीच्या वर गेली की ती खराब होते आणि पुन्हा उघडत नाही. फाइल फुगते कशाने? खेळाडूने गोळा केलेल्या आणि बनवलेल्या सामानाने. म्हणजे जो मन लावून खेळला, कोपरान् कोपरा धुंडाळला, त्याचीच फाइल आधी मेली. ग्राहक मदतीचा सल्ला होता की जुनी सेव्ह उघडा आणि सामान कमी बाळगा. त्याच महिन्यात 1.06 क्रमांकाच्या सुधारणेने ही मर्यादा काढली, पण आधीच बिघडलेल्या फाइली त्याने जिवंत होणार नाहीत, हेही कंपनीने सांगून टाकलं.

क्लाउडच्या स्वभावाची ओळख इथे पटते. फाइल बरी आहे की मेलेली, हे त्याला कळत नाही. ती बदलली एवढंच कळतं. बिघडलेली फाइलही तो चांगल्या फाइलइतक्याच तत्परतेने वर नेतो आणि दुसऱ्या कॉम्प्युटरवर इमानदारीने उतरवतो. 'सिंक' आणि 'बॅकअप' हे एकच आहे असं मानणाऱ्याला इच्छुकांच्या यादीत थेट प्रवेश द्यायला हरकत नाही.

जागेच्या मर्यादाही उपयोगी पडतात. गॉगने 2024 मध्ये कळवलं की प्रत्येक गेमला क्लाउडवर 200 एमबी मिळतील आणि त्यावरचं जे असेल ते जुन्यापासून काढून टाकलं जाईल. दर दहा मिनिटांनी वेगळी सेव्ह करणाऱ्यांनी अशा सूचनेचा ईमेल न वाचता टाकून द्यावा.

सगळ्यात निर्मळ मार्ग गूगलच्या स्टेडियाने दाखवला. भारतात ही सेवा आलीच नाही, त्यामुळे इथल्या इच्छुकांची संधी हुकली. नोव्हेंबर 2019 मध्ये ती सुरू झाली. गेम गूगलच्या सर्व्हरवर चालायचा, सेव्हही तिथेच. 18 जानेवारी 2023 ला ती बंद झाली. गूगलने गेमचे पैसे परत केले आणि काही गेमच्या सेव्ह उतरवून घेण्याची सोयही दिली. पण 'रेड डेड ऑनलाइन'मध्ये सुमारे 6,000 तास घालवलेल्या एका खेळाडूला गेमच्या कंपनीला जाहीर साकडं घालावं लागलं, की आपलं पात्र दुसरीकडे न्यायची वाट द्या. पैसे परत मिळण्याची सोय असते, तासांची नसते.

आता इच्छुकाने काय टाळावं. लुडुसावी नावाचं एक फुकट, मुक्त-स्रोत साधन आहे. पीसीगेमिंगविकीवर जमा झालेल्या माहितीच्या आधारे ते हजारो गेमच्या सेव्ह त्या तीन कप्प्यांतून हुडकून काढतं आणि त्यांच्या एकाहून जास्त जुन्या प्रती ठेवतं, हे घातकच. स्टीमच्या खात्यात ब्राउझरमधून लॉगिन केलं तर क्लाउडवर नेमक्या कोणत्या फाइली आहेत ते दिसतं आणि त्या उतरवूनही घेता येतात. याचीही वाच्यता नको. 31 मार्चला जागतिक बॅकअप दिन असतो. आपल्याकडे त्या दिवशी निम्मा देश हिशेब जुळवत बसलेला असल्याने तो धोका आपोआप टळतो.

तरीही घरातल्या कुणीतरी शहाणपणाने सेव्हचं फोल्डर पेनड्राइव्हवर काढून ड्रॉवरमध्ये ठेवलंच, तर घाबरू नये. कॉम्प्युटर पुन्हा बसेल, दुकानातला पोरगा घरी येईल आणि विचारेल, "काका, आठ जीबीचा एखादा पेनड्राइव्ह आहे का?" काका ड्रॉवर उघडतील. विंडोज टाकण्यासाठी तो पेनड्राइव्ह तयार करणारं मायक्रोसॉफ्टचं साधन त्यावरचं सगळं पुसतं. पुसण्याआधी तसं स्पष्ट बजावतंही, पण तोवर पोराने 'नेक्स्ट' दाबलेलं असतं आणि काका चहा ठेवायला सांगायला आत गेलेले असतात.