नायकाचे दात मोजण्याची सुधारित पद्धत

वाशीम जिल्ह्यात, मानोरा तालुक्यातल्या पोहरादेवीला बसून हे मार्गदर्शन वाचणाऱ्यासाठी आधी एक खुलासा. येथे ‘नायक’ म्हणजे तांड्याचा नायक नव्हे. तांड्याचा नायक भांडण मिटवतो, बैठकीत मधोमध बसतो आणि त्याचा शब्द कारभाऱ्यासह सगळे मानतात. खाली ज्याची चर्चा आहे तो नायक भांडण लावतो, कोणाचेच ऐकत नाही आणि एका सामन्यात सात-आठ वेळा मरून पुन्हा उठतो. त्याचा मुक्काम ‘डोटा 2’, ‘लीग ऑफ लेजंड्स’ अशा ऑनलाइन रणांगणी खेळांत असतो. पाच विरुद्ध पाच, दोन टोकांना दोन गढ्या, मधून तीन वाटा. ज्याची गढी आधी पडली तो हरला. ‘पोकेमॉन युनाइट’मध्ये गढीऐवजी गोल करायचे असतात. नियम एवढेच. बाकी सगळा आकड्यांचा कारभार.

हा कारभार एका चौकटीत मांडलेला असतो. बहुसंख्य खेळाडू ती चौकट वर्षानुवर्षे उघडत नाहीत. नायकाचे रूप पाहतात, तलवारीची लांबी पाहतात आणि सामना हरला की जोडीदाराच्या खानदानाची चौकशी करतात. प्रस्तुत मार्गदर्शन अशा होतकरूंसाठी आहे.

खरे तर पोहरादेवीच्या पंचक्रोशीला आकडे पाहायला शिकवणे हा आगाऊपणाच. बंजारा समाजाची ही काशी. संत सेवालाल महाराजांची समाधी इथे आहे. या समाजाचे पूर्वज लदेणी करत. बैलांच्या पाठीवर धान्याच्या, मिठाच्या गोण्या लादून तांडे मुलुखभर हिंडत. मुघलांच्या फौजांना त्यांनी रसद पुरवली. 1803 च्या दख्खनच्या मोहिमेत आर्थर वेलस्लीही त्यांच्यावरच विसंबून होता. पुढे रेल्वे आली आणि लदेणी बसली. पण कोणता बैल किती ओझे किती कोस नेईल हे ज्याला ठाऊक नव्हते, तो त्या धंद्यात एक हंगामही टिकला नसता. बैलाची ताकद, चपळाई आणि दम यांचा हिशेब त्या माणसांच्या डोक्यात असे. त्यासाठी कोणतेही बटण दाबावे लागत नसे.

बैलाचे वय दातांवरून कळते. दुधाचे दात पडून साधारण दोन-अडीच वर्षांचा होतो तेव्हा तो दोन दाती. मग चार दाती, सहा दाती. साडेचार-पाच वर्षांत आठही दात आले की जुळला. नवखे गिऱ्हाईक मात्र बैलाचा जबडा उघडते, वर पुढचे दातच नाहीत असे पाहते आणि म्हातारा बैल गळ्यात मारला म्हणून बोंब ठोकते. बैलाला वरच्या जबड्यात पुढचे दात कधीच नसतात. लीगमध्ये नेमके हेच होते. चौकटीत ‘अ‍ॅबिलिटी पॉवर 0’ असे दिसले की नवखा खेळाडू आपला नायक बिघडलेला आहे असे समजतो. तिथे प्रत्येकाचा मूळ आकडा शून्यच असतो. जबडा उघडण्याआधी कुठे काय असते हे माहीत असावे, एवढेच.

आता पूर्वमशागत. संगणक, वीज आणि नेटवर्क या तीन गोष्टी एकाच वेळी हजर असण्याचा मुहूर्त शोधावा. शेतपंपासाठी थ्री फेज रात्रीची असेल तर घरातला जाणता माणूस ओलिताला गेलेला असतो. ती वेळ उत्तम. रामनवमीच्या यात्रेत मात्र प्रयोग करू नये. त्या दिवसांत देशभरातून लाखो भाविक येतात आणि सगळ्यांच्या खिशात फोन असतो. तेव्हा आकडे पाहायचे नसतात, दर्शन घ्यायचे असते.

प्रत्यक्ष कृती सोपी आहे. लीगमध्ये ‘सी’ कळ दाबली की नायकाची सविस्तर चौकट उघडते. डोटा 2 मध्ये ‘आल्ट’ दाबून धरावी. युनाइटमध्ये पोकेमॉन निवडताना आक्रमण, तग, चपळाई, गोल आणि साहाय्य अशा पाच गुणांच्या पट्ट्या दिसतात. पट्ट्यांवर समाधान मानणारा खेळाडू म्हणजे पोळ्याच्या दिवशी झूल आणि बाशिंग पाहून बैलाचा सौदा करणारा. त्याच्याकडून फार अपेक्षा ठेवू नये.

चौकट उघडली, पण ती वाचायची कशी? इथे सातबारा कामाला येतो. ज्याने एकदा तरी सेतू केंद्राच्या बाकावर बसून उतारा वाचला आहे, त्याला नायकाची चौकट जड जाऊ नये. डोटामध्ये हल्ल्याचा आकडा दोन तुकड्यांत दिसतो: आधी मूळ आकडा, पुढे अधिक चिन्ह आणि हिरवा आकडा. मूळ म्हणजे वडिलोपार्जित. नायकासोबत आले, पातळी वाढली की वाढते. हिरवे म्हणजे वस्तू विकत घेऊन केलेली कमाई. वस्तू विकली की गेली. डोटातली काही कौशल्ये फक्त मूळ आकड्यावर चालतात, हिरव्याकडे ढुंकूनही पाहत नाहीत. वडिलोपार्जित आणि स्वकष्टार्जित यांतला फरक किती महाग पडतो, हे वाटणीचे दावे लढलेल्या घरांना वेगळे सांगायला नको.

उताऱ्यात पोटखराबही असते. क्षेत्रात मोजले जाते, पण पिकत नाही. ज्या नायकाची सगळी कौशल्ये जादूच्या आकड्यावर चालतात, त्याला सोने मोजून तलवार घेऊन दिली तर चौकटीत हल्ल्याचा आकडा झोकात वाढतो. तो वाढलेला भाग पोटखराब समजावा. आणि उताऱ्यात सगळ्यात आधी पाहायचा रकाना ‘इतर अधिकार’, जिथे बँकेचा बोजा नोंदलेला असतो. जमीन घेणारा शहाणा माणूस क्षेत्राआधी तिथे बोट ठेवतो. खेळात हा बोजा म्हणजे शत्रूने लादलेले परिणाम: चाल मंदावली, चिलखत घटले, जखमा भरेनाशा झाल्या. नायकाच्या चित्राजवळ त्याच्या बारीक खुणा उमटतात. त्या न पाहता लढाईत उडी घेणे म्हणजे बोजा न पाहता इसार देणे.

‘स्टेटस’ पाहण्याचा सराव जिल्ह्याला आहेच. 5 ऑक्टोबर 2024 रोजी पंतप्रधानांनी पोहरादेवीत बंजारा विरासत संग्रहालयाचे उद्घाटन केले. नंगाऱ्याच्या आकाराची चार मजली इमारत, आत 13 दालने. त्याच दिवशी वाशीममधून पीएम किसानचा 18 वा हप्ता सुटला, सुमारे 9.4 कोटी शेतकऱ्यांसाठी सुमारे 20,000 कोटी रुपये. प्रत्येकाच्या वाट्याला 2,000. ते का आले नाहीत हे पाहायला मोबाइलवर जी चौकट उघडते, तिच्यात ई-केवायसी, जमिनीची नोंद आणि आधारशी जोडलेले खाते असे रकाने असतात. तीनपैकी एक ‘नाही’ असला की बाकीच्या ‘होय’ना अर्थ नाही. ही चौकट ज्याला वाचता येते, त्याला डोटातल्या नायकाची भीती वाटण्याचे कारण नाही.

समजा, देवळाजवळच्या टपरीवर एक पोरगा चिलखताचा आकडा न्याहाळत बसला आहे आणि शेजारी त्याचे आजोबा चहा पीत आहेत.

“काय पाहून राह्यला रे?”

“आबाजी, ह्याचं आर्मर पाहून राह्यलो.”

“किती दाती हाये?”

“शंभर.”

“शंभर दाताचा बैल नसते रे.”

आबाजींचे चुकते ते आकड्याचा अर्थ लावताना, आणि बहुतेक खेळाडूंचेही तिथेच चुकते. म्हणून चिलखतापाशी थोडे थांबावे लागेल. लीगमध्ये घाव किती टक्के कापला जाईल याचे सूत्र साधे आहे: चिलखत भागिले चिलखत अधिक शंभर. चिलखत 100 असेल तर निम्मा घाव कापला जातो. 200 असेल तर सुमारे 67 टक्के. 300 असेल तर 75 टक्के. हे पाहून चौकातला तज्ज्ञ निकाल देतो की पहिल्या शंभरात पन्नास टक्के मिळाले, दुसऱ्यात सतराच, तिसऱ्यात तर आठच. पुढचे चिलखत घेणे म्हणजे पैसे पाण्यात.

तज्ज्ञाने लदेणी केली असती तर तो असे बोलला नसता. नायकाचे प्राण 1000 धरू. चिलखत नसेल तर तो 1000 घाव सोसून मरतो. 100 चिलखतावर त्याला मारायला 2000 लागतात, 200 वर 3000, 300 वर 4000. दर शंभराला नेमकी एक हजाराची गोणी वाढते. ना कमी, ना जास्त. टक्केवारी दमल्यासारखी दिसते, गोणी दमत नाही. बैलावर किती टक्के माल लादला असे कोणी विचारत नसे, गोण्या मोजत. कौशल्यांच्या वेगाचाही हाच नियम आहे. पूर्वी लीगमध्ये तो थेट टक्क्यांत मिळे आणि 40 टक्क्यांवर बहुधा अडे. 2020 च्या नोव्हेंबरपासून ‘हेस्ट’ आले. 100 हेस्ट असेल तर दहा सेकंदांनी येणारे कौशल्य पाच सेकंदांनी येते.

डोटात जादूरोधाची गंमत आणखी निराळी. बहुतेक नायकांचा मूळ जादूरोध 25 टक्के असतो. त्यावर 20 टक्के देणारी वस्तू घेतली की बेरीज 45 होईल असे वाटते, होते 40. दुसरी कपात उरलेल्या पंचाहत्तरावर लागते. सोयाबीन विकायला नेलेल्या माणसाला हे कळते. आधी ओलाव्याचे कापतात, मग उरलेल्यावर मातीचे.

धावण्याच्या वेगाकडेही एक नजर टाकावी, जास्त नको. लीगमध्ये 415 च्या पुढचा वेग पाच रुपयांत चारच रुपयांचा माल देतो आणि 490 च्या पुढे निम्माच. डोटात 550 ला सहसा गाडी अडते.

आता खरी चूक. चौकटीत चिलखत आणि जादूरोध हे दोन वेगळे रकाने आहेत, आणि दोघांची एकमेकांशी ओळख नाही. चिलखत तलवारीचे वार अडवते. मंत्रापुढे त्याची किंमत शून्य. तरी सामन्यामागून सामन्यांत खेळाडू चिलखतावर चिलखत चढवतात आणि समोरचा मांत्रिक त्यांना भाजून काढतो. विदर्भातल्या कापूसवाल्यांनी हा प्रकार शेतात पाहिला आहे: फवारणी केली गुलाबी बोंडअळीची आणि कपाशीवर आला लाल्या. औषध चांगले होते, दुकानदारही भला होता, रोग दुसरा होता. शिवाय ‘ट्रू डॅमेज’ नावाचा तिसरा प्रकार आहे. तो दोन्ही रकाने ओलांडून थेट प्राणाला भिडतो. ती गारपीट. तिला फवारणी नाही.

कोणता रोग होता हे कळण्याची सोय मात्र खेळाने केली आहे. नायक मेला की लीगमध्ये मृत्यूचा तपशील पाहता येतो. किती मार तलवारीचा, किती मंत्राचा, किती गारपिटीचा आणि कोणाकडून, सगळे लिहिलेले असते. हा पंचनामा जागेवर, विनाअर्ज, विनाछायाचित्र होतो. भरपाई मिळत नाही एवढेच. पुन्हा जिवंत होईपर्यंत जे सेकंद मिळतात ते शिव्या टाइप करण्यात न घालवता या पंचनाम्यासाठी वापरावेत, ही या मार्गदर्शनातली एकमेव सक्तीची सूचना.

शत्रूचे दातही मोजता येतात. समोरच्या नायकावर टिचकी मारली की लीगमध्ये पडद्याच्या वरच्या कोपऱ्यात त्याचे चिलखत, जादूरोध आणि हल्ला दिसतो. परक्या बैलाच्या जबड्यात हात घालायला बाजारात मालकाची परवानगी लागते. इथे लागत नाही. शत्रू धुक्याआड गेला तर मात्र ताजे आकडे दिसत नाहीत. बैल गोठ्यात असताना सौदा करू नये, हा जुना नियम तिथेही लागू.

हे सगळे शिकून उपयोग काय, असा प्रश्न घरातून येईल. उत्तरे तयार ठेवावीत. ऑगस्ट 2022 मध्ये बर्मिंगहॅमच्या राष्ट्रकुल ई-स्पोर्ट्स स्पर्धेत भारतीय संघाने डोटा 2 मध्ये न्यूझीलंडला हरवून कांस्यपदक आणले. डिसेंबर 2022 मध्ये केंद्राने ई-स्पोर्ट्स क्रीडा मंत्रालयाकडे सोपवले. 2023 मध्ये हांगझोऊच्या आशियाई खेळांत हे खेळ पहिल्यांदा पदकांसाठी खेळले गेले. लीगमध्ये भारत उपांत्यपूर्व फेरीत व्हिएतनामकडून हरला. एक गोष्ट न विचारता सांगू नये: मोबाइलवरचा लोकप्रिय ‘मोबाइल लेजंड्स’ 29 जून 2020 च्या आदेशातल्या 59 अ‍ॅपमध्ये होता आणि बंद झाला. त्यात जमवलेले नायक, त्यांच्या दातांसकट, एका रात्रीत गेले. आणि ‘हा जुगार आहे का?’ असे आबाजींनी विचारले, तर ऑगस्ट 2025 चा कायदा सांगावा. त्याने पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन खेळांवर बंदी घातली आणि ई-स्पोर्ट्सना वेगळे धरले. एवढ्याने आबाजींचे समाधान होईल असे नाही. ते विचारतील, मग हा बैल विकता येतो का?

येत नाही, असे खरे सांगावे आणि चहाचे पैसे द्यावेत.

शेवटी डोटावाल्यांसाठी एक सूचना, कारण तक्रारी तिथूनच जास्त येतात. ‘आल्ट’ कळ एकदा दाबून सोडायची नाही, धरून ठेवायची. बोट उचलले की आकडे जातात.