श्री. मासिक हप्ते यांना अचलपूरहून अनावृत पत्र

प्रति,
श्री. मासिक हप्ते,
मुक्काम : दर महिन्याची पाच तारीख.

विषय : घराचे पैसे एकदा आणि कर्जाचे पैसे दोनदा मोजले जाण्याबाबत.

महोदय,

गृहकर्जाची किंमत व्याजदरावर ठरते, असा समज बँकेच्या फलकापासून सोयरिकीच्या बैठकीपर्यंत सगळीकडे आहे. प्रत्यक्षात ती मुद्दल, दर आणि मुदत या तिघांवर ठरते. मुद्दल कर्जदाराला तोंडपाठ असते, दर फलकावर ठळक असतो; मुदत मात्र श्री. हप्ते यांच्या पाठीआड उभी राहते. हप्ता जितका लहान, तितकी मुदत लांब आणि कर्ज महाग. तरीही कर्ज घेताना घरात चर्चा होते ती एकट्या हप्त्याची, आणि ती "हप्ता काय, निंगून जाते" या वाक्यावर संपते. हप्ता निघून जातो हे खरेच आहे. तो कुठे जातो, याचा तपशील अचलपूर-परतवाड्याच्या कर्जदारवर्गाने पुढे नोंदवला आहे.

हिशेबासाठी साधे उदाहरण घेतले आहे : कर्ज 20 लाख रुपये, दर 8.5 टक्के, मुदत 20 वर्षे. हप्ता येतो 17,356 रुपये. असे 240 हप्ते भरले की एकूण रक्कम सुमारे 41 लाख 66 हजार होते. म्हणजे व्याज 21 लाख 66 हजार, मुद्दलापेक्षाही जास्त.

हप्त्याची रक्कम वीस वर्षे तीच राहिली, तरी तिच्या आतली वाटणी दर महिन्याला बदलते. व्याज शिल्लक मुद्दलावर लागते आणि सुरुवातीला मुद्दल सगळेच शिल्लक असते. त्यामुळे पहिल्या हप्त्यातले 14,167 रुपये व्याजात जातात आणि मुद्दलाच्या वाट्याला 3,189 येतात. दुसऱ्या महिन्यात मुद्दलाचा वाटा सुमारे 23 रुपयांनी वाढतो. श्री. हप्ते यांची प्रगती आहे, पण ती तेवीस रुपयांची आहे. पाच वर्षांत कर्जदाराने 10 लाख 41 हजार भरलेले असतात आणि कर्ज 17 लाख 62 हजार उरलेले असते. दहा वर्षांनी, अर्धी मुदत सरल्यावर, 14 लाख उरतात. हप्त्यात व्याजापेक्षा मुद्दलाचा वाटा मोठा व्हायला जवळपास बारा वर्षे जातात आणि निम्मे कर्ज फिटायला जवळपास चौदा. शेवटच्या हप्त्यात व्याज अवघे 122 रुपये असते. श्री. हप्ते यांचा प्रामाणिकपणा असा उतारवयात फळाला येतो.

यात फसवणूक कुठेही नाही. परतफेडीचे कोष्टक कर्जाच्या कागदांत असते आणि गणित बरोबर असते. अडचण एवढीच की ते कोष्टक घरभरणीनंतर कपाटात जाते आणि बाहेर निघते ते कर्ज मुदतीआधी फेडायचे मनात आल्यावर. तोपर्यंत बहुतेक व्याज भरून झालेले असते.

मुदतीचा परिणाम तीन आकड्यांत दिसतो. तेच 20 लाख त्याच दराने 15 वर्षांसाठी घेतले तर हप्ता 19,695 आणि एकूण व्याज 15 लाख 45 हजार. वीस वर्षांना हप्ता 17,356 आणि व्याज 21 लाख 66 हजार. तीस वर्षांना हप्ता 15,378 आणि व्याज 35 लाख 36 हजार. वीसवरून तीस वर्षांवर गेलेला कर्जदार महिन्याला 1,978 रुपये वाचवतो आणि त्या बचतीपायी 13 लाख 70 हजार रुपये जास्त व्याज देतो. मुदत वाढवून देणे हा श्री. हप्ते यांचा सर्वांत लोकप्रिय उपकार आहे. तो मागायला बहुतेकदा अर्जही करावा लागत नाही.

कारण बहुतेक गृहकर्जे तरत्या दराची असतात. ऑक्टोबर 2019 पासून बँकांना नवी तरत्या दराची गृहकर्जे बाह्य मानदंडाशी, म्हणजे बहुधा रेपो दराशी, जोडावी लागतात. मे 2022 ते फेब्रुवारी 2023 या काळात रेपो दर 4 वरून 6.5 टक्क्यांवर गेला. अशा वेळी हप्ता न वाढवता मुदत वाढवण्याची प्रथा होती. घरी कोणाला काही कळत नसे, कारण खात्यातून कापली जाणारी रक्कम तीच राहत असे. वरच्या उदाहरणात दर सुरुवातीलाच 9.5 टक्के झाला आणि हप्ता तोच ठेवला, तर 240 हप्त्यांचे 309 होतात. दर 10 टक्के झाला तर 389, म्हणजे बत्तीस वर्षांहून अधिक. 10.5 टक्क्यांना महिन्याचे व्याजच 17,500 होते. मग 17,356 चा हप्ता व्याजालाही पुरत नाही आणि नेमाने फेडूनही कर्ज वाढत जाते. ऑगस्ट 2023 मध्ये रिझर्व्ह बँकेने यावर नियम घातले. दर बदलताना कर्जदाराला हप्ता वाढवणे, मुदत वाढवणे किंवा कर्ज काही अंशी वा पूर्ण फेडणे असे पर्याय द्यावे लागतात. लांबलेल्या मुदतीत महिन्याचे व्याज हप्त्याबाहेर जाणार नाही, हेही पाहावे लागते. पर्याय विचारणारा संदेश मोबाइलवर येतो आणि ओटीपी नसल्याने बहुधा वाचला जात नाही.

श्री. हप्ते यांच्याकडून मिळणारी सुट्टीही अशीच असते. 2020 च्या टाळेबंदीत अचलपूरच्या फिनले मिलची चाके थांबली, बाजारपेठ बंद पडली आणि रिझर्व्ह बँकेने मार्च ते ऑगस्ट असे सहा महिने हप्ते पुढे ढकलण्याची मुभा दिली. पुढे व्याजावरचे व्याजही परत मिळाले. मूळ व्याज मात्र चालूच होते. वरच्या उदाहरणातल्या कर्जाची सुरुवातच या सुट्टीने झाली असती, तर सहा महिन्यांचे सुमारे 85 हजार रुपये मुद्दलात मिसळले असते आणि त्याच हप्त्याने कर्ज फेडायला सुमारे 30 हप्ते जास्त लागले असते. ज्याच्या घरात पगारच बंद झाला, त्याला सुट्टी घेण्यावाचून गत्यंतर नव्हते. ज्याचा पगार चालू होता आणि ज्याने "सगळेच घेत आहेत" म्हणून ती घेतली, त्याने सहा हप्त्यांची सवलत तीस हप्त्यांना विकत घेतली.

हप्त्याबाहेरचे खर्च हा या पत्राचा पुढचा मुद्दा आहे. घराच्या किमतीची सगळी रक्कम बँक देत नाही. 30 लाखांपर्यंतच्या कर्जाला किमतीच्या 90 टक्क्यांची कमाल मर्यादा आहे, आणि घर 10 लाखांहून महाग असेल तर मुद्रांक शुल्क व नोंदणीचा खर्च त्या किमतीत धरता येत नाही. हे पैसे पदरचे लागतात आणि पुष्कळदा ते दागिने गहाण टाकून किंवा पतसंस्थेच्या दुसऱ्या कर्जातून येतात. बँकेच्या कागदावर त्यांना 'स्वतःचा हिस्सा' म्हणतात. शिवाय प्रक्रिया शुल्क आणि त्यावरचा 18 टक्के जीएसटी, वकिलाचा शोध अहवाल, मूल्यांकनाची फी आणि गहाणखताचे मुद्रांक शुल्क. शेवटी येतो कर्जाचा विमा. तो एकरकमी असतो आणि "वेगळे पैसे भरायची गरज नाही, कर्जातच धरू" असे आपुलकीने सांगितले जाते. विम्याचा 50 हजारांचा हप्ता असा कर्जात धरला की वीस वर्षांत त्याचे 1 लाख 4 हजार होतात. घरात कमावता माणूस एकच असेल तर असा विमा उपयोगी आहे, फक्त त्याचे पैसे रोख दिलेले बरे. ऑक्टोबर 2024 पासून किरकोळ कर्जासोबत मुख्य तथ्य विवरण द्यावे लागते. त्यात शुल्कांसह वार्षिक दर छापलेला असतो. दोन बँकांची तुलना फलकावरच्या दराने न करता या दराने करावी.

परतवाड्याकडे ले-आऊटमध्ये प्लॉट घेऊन घर बांधणाऱ्याला आणखी एक खर्च येतो. कर्ज एकदम मिळत नाही. प्लिंथ, स्लॅब, प्लास्टर असे टप्पे पाहून रक्कम सुटते. तोपर्यंत सुटलेल्या रकमेवर नुसते व्याज भरावे लागते आणि मुद्दलाचा एक रुपयाही कमी होत नाही. दीड वर्ष बांधकाम चालले आणि या काळात सरासरी 10 लाख उचललेले असले, तर हे व्याज 1 लाख 27 हजारांच्या पुढे जाते. मिस्त्री दुसऱ्या साइटवर गेला, रेती मिळाली नाही, पावसाने स्लॅब अडला, तर त्या प्रत्येक महिन्याचे व्याज घरमालकच भरतो. भाड्याच्या घराचे भाडे वेगळे.

शेतीवाल्या घरात श्री. हप्ते यांचे वेळापत्रक अधिकच जाचते. सोयाबीन दिवाळीच्या आसपास येते, कापूस त्यानंतर. संत्र्याचा आंबिया बार हिवाळ्याच्या तोंडाशी आणि मिरग बार उन्हाळ्याच्या तोंडाशी निघतो. घरात पैसा वर्षातून दोन-तीनदा येतो आणि हप्ता बारा वेळा जातो. मधल्या महिन्यांत खात्यात पैसे नसले की हप्ता न वटल्याचा दंड लागतो आणि 'सिबिल' बिघडते. हप्ता 90 दिवसांपलीकडे थकला की कर्ज अनुत्पादित ठरते. अशा घराने बगीच्याचा सौदा झाल्यावर सहा महिन्यांचे हप्ते हप्त्याच्याच खात्यात वेगळे ठेवावेत, किंवा सहामाही हप्त्याची सोय देणारी संस्था शोधावी.

न्यायाच्या दृष्टीने श्री. हप्ते यांची बाजूही मांडणे आवश्यक आहे. 41 लाख 66 हजार हा आकडा भयंकर असला, तरी त्यात आजचा रुपया आणि वीस वर्षांनंतरचा रुपया एकाच मापाने मोजला आहे. महागाई वर्षाला 5 टक्के धरली तर शेवटचे 17,356 रुपये आजच्या सुमारे साडेसहा हजारांच्या तोलाचे असतात. वीस वर्षांचे भाडेही वाचते. जुन्या करप्रणालीत राहत्या घराच्या कर्जावर वर्षाला 2 लाखांपर्यंतचे व्याज वजा मिळते. नव्या प्रणालीत ही सवलत नाही. म्हणून खरी किंमत काढायची तर एका बाजूला व्याज, शुल्के, विमा, घरपट्टी आणि दुरुस्ती धरावी, दुसऱ्या बाजूला वाचलेले भाडे आणि कर, आणि मग जी वजाबाकी येईल ती पाहावी. ती कधी घराच्या बाजूने येते, कधी भाड्याच्या. ती मांडलीच नाही, तर निर्णय शेजाऱ्याने घातलेल्या स्लॅबच्या संख्येवर होतो.

किंमत कमी करण्याचा मार्ग श्री. हप्ते स्वतःहून सांगत नाहीत, परंतु अडवतही नाहीत. तरत्या दराच्या गृहकर्जावर व्यक्तीला मुदतपूर्व फेडीचा दंड लावता येत नाही. दरवर्षी एक हप्ता जादा भरला तर वीस वर्षांचे कर्ज पावणेसतरा वर्षांत संपते आणि चार लाखांहून अधिक व्याज वाचते. भरण्याची वेळ रकमेइतकीच महत्त्वाची आहे. पहिल्या वर्षाअखेर भरलेला एक लाख पुढचे साडेतीन लाखांहून जास्त व्याज वाचवतो. पंधराव्या वर्षाअखेर भरलेला तोच लाख पन्नास हजारांच्या आत वाचवतो. रक्कम भरताना 'हप्ता कमी करा' ऐवजी 'मुदत कमी करा' असे लेखी द्यावे, म्हणजे हा फायदा पुरता मिळतो.

राहता राहिले तारण. या बाबतीत वऱ्हाडाचा अनुभव जुना आहे. एलिचपूर, म्हणजे आजचे अचलपूर, येथे हैदराबाद कंटिंजंट फौजेची छावणी होती. त्या फौजेचा खर्च हैदराबादच्या निजामाच्या माथी होता आणि तो थकत गेला. 1853 च्या तहाने या खर्चापोटी अख्खा वऱ्हाड इंग्रजांच्या ताब्यात गेला. 1860 मध्ये सुमारे 50 लाखांचे कर्ज रद्द झाले, इतर काही मुलूख परत मिळाला, पण वऱ्हाड मिळाला नाही. निजामाचे दिवाण सालारजंग यांनी 1870 च्या दशकात तो सोडवण्याची खटपट केली, ती फुकट गेली. 1902 मध्ये व्हाइसरॉय कर्झनच्या काळात वर्षाला 25 लाखांवर तो कायमचा पट्ट्याने दिला गेला. पुढे 1936 मध्ये निजामाच्या वारसाला 'प्रिन्स ऑफ बेरार' असा किताब मिळाला. मालमत्ता गेली, दारावरची पाटी राहिली.

आजच्या कर्जदाराची स्थिती निजामापेक्षा बरी आहे, कारण त्याच्यामागे नियम आहे. कर्ज पूर्ण फिटल्यावर 30 दिवसांच्या आत मूळ कागदपत्रे परत देणे आणि बोजा उतरवणे डिसेंबर 2023 पासून बंधनकारक आहे. बँकेच्या चुकीने उशीर झाल्यास दिवसाला 5,000 रुपये भरपाई द्यावी लागते. मात्र शेवटचा हप्ता भरून पेढे वाटणे म्हणजे कर्ज मिटणे नव्हे. बेबाकी दाखला, मूळ खरेदीखत, गहाण सुटल्याची नोंद आणि सातबारा किंवा मालमत्ता पत्रकावरून उतरलेला बोजा, हे चारही हाती आले की व्यवहार संपला.

कळावे. लोभ मुदतीपूर्वीच संपावा, ही विनंती.

कर्जदारवर्ग,
अचलपूर-परतवाडा.