मुलाहून धाकटी आई

मालूवहिनी कुंपणाशी आल्या की हातात काहीतरी निमित्त असतं. आज कढीपत्त्याची डहाळी होती.

"काल टीव्हीवर 'अग्निपथ' लागला होता. अमिताभची आई कोण, तर आपली रोहिणी हट्टंगडी!"

"अहो, ती त्याच्याहून आठ-नऊ वर्षांनी धाकटी. १९९० साली चाळिशीसुद्धा नव्हती गाठली."

"अगोबाई! मुलापेक्षा आई लहान?"

"'मदर इंडिया'तले नर्गिस आणि सुनील दत्त एकाच वर्षाचे, १९२९चे. सिनेमा आला १९५७ला, आणि पुढच्याच वर्षी आईनं मुलाशी लग्न केलं!"

वहिनी पदर तोंडाला लावून खुसखुसल्या. मग एकदम गंभीर झाल्या. "सुलोचनाबाईंचंही तेच गं. 'सुजाता'त नूतनची आई झाल्या तेव्हा जेमतेम तिशीच्या. एकदा आई झाली की संपलं. केस पांढरे करा, देवापुढे उभ्या राहा नि पोराची वाट बघत खोका. हिरो मात्र पन्नाशीतही कॉलेजात!"

"पण तीच रोहिणी २०२३ला 'बाईपण भारी देवा'त मंगळागौर खेळलीच की."

"अगं, भिशीतल्या आम्ही अकराजणी नऊवारी नेसून गेलो होतो! सहा बहिणी, त्यांचे गुडघे, रुसवे, जुनी भांडणं. एक कोवळी नायिका नाही, तरी थिएटरात पाय ठेवायला जागा नव्हती. माझे गुडघे घरी आल्यावर बोलले, तो भाग वेगळा."

"आणि मालिकेतली अरुंधती? 'आई कुठे काय करते' म्हणत म्हणत घटस्फोट, गाणं, दुसरं लग्न..."

"पाच वर्षं चालवली. पाणी घालून घालून आमटीचं सार केलं शेवटी. मला बाई 'अग्गंबाई सासूबाई' आवडायची. सुनेनं सासूचं लग्न लावायचं! निवेदिता सराफ गिरीश ओकशी लग्नाला उभी राहिली तेव्हा मी ढसाढसा रडले."

नाक पुसून वहिनी कुंपणावर आणखी ओणवल्या. आवाज उतरला.

"बरं, ते राहू दे. कोपऱ्यावरच्या मास्तरीणबाई रोज संध्याकाळी कुणा रिटायर्ड बँकवाल्याबरोबर फिरायला जातात म्हणे. या वयात! यजमानांना जाऊन तीन वर्षं नाही झाली."

"दिसायला गिरीश ओकसारखा आहे का हो?"

वहिनींनी डहाळी माझ्या हातात कोंबली.

"थोडासा," म्हणाल्या. "म्हणून तर लक्षात आलं ना!"